टेनेसीच्या बायका आणि मताचा हक्क: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

टेनेसी राज्याच्या राजधानीत, नॅशव्हिलला, पाहुणे आले की मी त्यांना आधी टेकडीवरच्या कॅपिटॉलकडे, म्हणजे राज्याच्या विधिमंडळाच्या इमारतीकडे घेऊन जाते, गाण्याबजावण्याच्या रस्त्यावर नंतर. तिथे उभं राहून गोष्ट सांगायला लागले की सगळ्यांचे प्रश्न साधारण सारखेच असतात. ते प्रश्न आणि त्यांची उत्तरं इथे एकत्र लिहिली आहेत. काही उत्तरं लांबली आहेत, कारण ती थोडक्यात सांगितली की त्या बायकांचं काम झाकलं जातं.

अमेरिकेतल्या स्त्रियांच्या मताधिकारात टेनेसीचंच नाव का घेतात?

कारण शेवटचा शिक्का इथे बसला. लिंगावरून कुणाचाही मताचा हक्क नाकारता येणार नाही, असं सांगणारी १९वी घटनादुरुस्ती अमेरिकी काँग्रेसने जून १९१९ मध्ये मंजूर केली. पण अमेरिकेत तेवढ्याने घटना बदलत नाही, तीन चतुर्थांश राज्यांनीही होकार द्यावा लागतो. तेव्हा राज्यं होती ४८, म्हणजे ३६ होकार हवे होते. मार्च १९२० मध्ये वॉशिंग्टन राज्याचा ३५वा होकार आला आणि गाडी तिथेच अडली. जूनमध्ये डेलावेअरने नकार दिला. दक्षिणेकडच्या बहुतेक राज्यांनी आधीच पाठ फिरवली होती. नोव्हेंबरमध्ये राष्ट्राध्यक्षपदाची निवडणूक होती आणि आशा ठेवावी अशी राज्यं फारशी उरली नव्हती. त्यांतलं एक टेनेसी.

राष्ट्राध्यक्ष विल्सन यांनी तार करून गव्हर्नर अल्बर्ट रॉबर्ट्स यांना विशेष अधिवेशन बोलवायला सांगितलं. रॉबर्ट्स यांनी आधी स्वतःची पक्षांतर्गत निवडणूक उरकून घेतली आणि ९ ऑगस्ट १९२० ला अधिवेशन भरवलं.

त्याआधी इथल्या बायकांना मत अजिबातच नव्हतं का?

थोडं होतं. १९१९ च्या एप्रिलमध्ये टेनेसीच्या विधिमंडळाने स्त्रियांना दोनच निवडणुकांसाठी मत दिलं: राष्ट्राध्यक्षपदाची आणि नगरपालिकेची. गव्हर्नर आणि आमदार निवडताना मात्र त्यांना विचारणार नव्हते. हा अर्धा हक्क मिळवायलाही कित्येक वर्षं गेली होती. पुढे त्याचा फार उपयोग झाला, तो असा की बायका मतदानाला आल्या तर काही आकाश कोसळत नाही, हे १९२० च्या आधीच लोकांनी डोळ्यांनी पाहिलं.

ही चळवळ इथे कधी सुरू झाली?

मेम्फिसच्या एलिझाबेथ एव्हरी मेरिवेदर यांनी १८७६ साली चक्क एक नाट्यगृह भाड्याने घेतलं आणि बाईला मत का हवं यावर जाहीर भाषण केलं. बाईमाणसाने व्यासपीठावर उभं राहणंच तेव्हा अशोभनीय मानलं जाई. त्यांच्या जाऊबाई लाइड मेरिवेदर यांनी १८८९ मध्ये मेम्फिसला राज्यातली पहिली मताधिकार संघटना काढली. लाइडबाई दारूबंदीच्या चळवळीतून आल्या होत्या. नवरा पगार दारूत घालवतो आणि बायकोच्या हाती कायदा नाही, मतही नाही, हे रोज पाहिल्यावर मताची मागणी आपोआप आली.

इथे मराठी वाचकाला एक ओळखीचा धागा सापडेल. लाइडबाई ज्या ख्रिस्ती स्त्रियांच्या मद्यपानविरोधी संघटनेच्या टेनेसी शाखेच्या अध्यक्ष होत्या, त्याच संघटनेच्या राष्ट्रीय अध्यक्ष फ्रान्सिस विलर्ड या पंडिता रमाबाईंच्या स्नेही. रमाबाई १८८६ मध्ये आनंदीबाई जोशींच्या पदवीदान समारंभासाठी फिलाडेल्फियाला आल्या आणि पुढची दोन-अडीच वर्षं अमेरिकाभर हिंडल्या. परत गेल्यावर त्यांनी १८८९ मध्ये अमेरिकेच्या लोकस्थितीवर मराठीत पुस्तक लिहिलं. अमेरिकन बायका संघटना कशा बांधतात, पैसे कसे उभे करतात, सभा कशा चालवतात, हे त्यांनी बारकाईने पाहिलं होतं. लाइडबाईंची संघटना आणि रमाबाईंचं पुस्तक एकाच वर्षातलं.

अ‍ॅन डॅलस डडली कोण होत्या?

नॅशव्हिलच्या श्रीमंत, प्रतिष्ठित घरातल्या. १९११ मध्ये नॅशव्हिलची मताधिकार संघटना निघाली तेव्हा त्या पहिल्या अध्यक्ष झाल्या. 'मत मागणाऱ्या बायका घरदार सोडलेल्या असतात' असा प्रचार जोरात होता. डडलीबाईंचा दोन मुलांना जवळ घेऊन पुस्तक वाचून दाखवतानाचा फोटो चळवळीने सगळीकडे वाटला. त्या एका फोटोने बऱ्याच घरांची दारं उघडली. त्यांनी नॅशव्हिलच्या रस्त्यांवर मे महिन्यात मिरवणुका काढल्या, आणि राष्ट्रीय मताधिकार संघटनेचं १९१४ चं अधिवेशन नॅशव्हिलमध्ये भरलं.

देशासाठी शस्त्र उचलतो त्यालाच मत असावं, असा एक युक्तिवाद तेव्हा फार चाले. डडलीबाईंचं त्यावरचं उत्तर असं होतं, की शस्त्रं पुरुष उचलत असतील, पण ती उचलणाऱ्या फौजांना जन्म बायका देतात. इंग्रजीत ते शब्द आणखी चपखल आहेत. पण मला त्यांच्या हजरजबाबीपणापेक्षा त्यांची चिकाटी मोठी वाटते. राज्यातल्या गावोगावी शाखा काढायच्या, पदाधिकारी नेमायचे, पत्रव्यवहार ठेवायचा, अशी कामं कुणाच्या फोटोत येत नाहीत.

पिवळा गुलाब आणि लाल गुलाब, ही काय भानगड आहे?

मताधिकाराच्या बाजूचे लोक कोटावर पिवळा गुलाब लावत आणि विरोधक लाल. १९२० च्या उन्हाळ्यात नॅशव्हिलमध्ये आमदार समोरून आला की आधी त्याच्या कोटाकडे नजर जाई. दोन्ही बाजू गुलाब मोजून बहुमताचा अंदाज बांधत.

विरोध कोण करत होतं? त्यात बायकाही होत्या का?

हो, होत्या, आणि त्यांना वेड्या ठरवून विषय संपवणं मला पटत नाही. विरोधी संघटनेच्या अध्यक्ष जोसेफिन पिअर्सन माँटीगल गावच्या, स्वतः शिकवण्याचं काम केलेल्या सुशिक्षित बाई होत्या. स्त्रीमताधिकाराशी लढण्याचं वचन त्यांनी आईला दिलं होतं आणि ते मनापासून पाळलं. त्यांच्या प्रचारात धर्म होता, कुटुंब होतं, राज्याचे अधिकार होते, आणि उघडउघड वंशभेदही होता. हा हक्क आला की कृष्णवर्णीय स्त्रियाही मत देतील, ही भीती त्यांच्या पत्रकांमधून पुन्हा पुन्हा घातली गेली.

त्यांच्या मागे पैसेवाल्यांची ताकद होती. दारूच्या धंद्याला भीती होती की बायका दारूबंदी घट्ट करतील. कापड गिरणीवाल्यांना वाटत होतं की बालमजुरीविरुद्धचे कायदे येतील. रेल्वे कंपन्यांना विधिमंडळावरची आपली पकड सुटू द्यायची नव्हती. प्रतिनिधीगृहाचे सभापती सेथ वॉकर आधी बाजूने होते, मग अचानक विरोधात गेले. तेव्हा बेटी ग्रॅम या तरुण कार्यकर्तीने त्यांना सगळ्यांदेखत विचारलं, की हा बदल रेल्वे कंपनीमुळे झाला का?

हर्मिटेज हॉटेलमध्ये नेमकं काय चाललं होतं?

दोन्ही बाजूंचा तळ एकाच हॉटेलात होता. राष्ट्रीय संघटनेच्या अध्यक्ष कॅरी चॅपमन कॅट जुलैमध्ये थोड्या दिवसांसाठी म्हणून आल्या आणि ऑगस्ट सरत आला तरी तिथेच होत्या. वय ६१, नॅशव्हिलचा उन्हाळा, वातानुकूलनाचं नावही नाही. बाहेरची बाई येऊन ढवळाढवळ करते असा गवगवा होऊ नये म्हणून त्यांनी बराच काळ पडद्याआड राहून काम केलं. पिअर्सनही तिथेच उतरल्या होत्या. वरच्या मजल्यावरच्या एका खोलीत आमदारांसाठी व्हिस्की वाहत होती, आणि देशभर दारूबंदी लागू असतानाही ती कुणी थांबवत नव्हतं. कोण कोणाशी बोलतोय, कोण कोणाच्या खोलीतून बाहेर पडतोय, यावर दोन्ही बाजूंची पाळत असे.

हॅरी बर्न आणि त्याच्या आईच्या पत्राची गोष्ट खरी आहे का?

खरी आहे, आणि ती नीट सांगायला हवी.

१३ ऑगस्टला टेनेसीच्या सिनेटने, म्हणजे विधिमंडळाच्या वरच्या सभागृहाने, २५ विरुद्ध ४ मतांनी होकार दिला. खरी लढाई प्रतिनिधीगृहात होती. १८ ऑगस्टला सभापती वॉकर यांनी स्वतःच प्रस्ताव आणला, की हा विषय बाजूला ठेवावा. तो मंजूर झाला असता तर सगळं तिथेच मेलं असतं. मतं पडली ४८-४८. पुन्हा मोजली, पुन्हा ४८-४८, कारण विरोधकांच्या भरवशाचे बँक्स टर्नर या बाजूला आले होते. बरोबरीमुळे प्रस्ताव पडला आणि मूळ ठराव मताला आला.

मॅकमिन काउंटीतल्या नायोटा गावचा हॅरी बर्न तेव्हा २४ वर्षांचा होता. कोटावर लाल गुलाब. दोन्ही वेळा त्याने विषय बाजूला ठेवण्याच्या बाजूने मत दिलं होतं. पण खिशात आईचं, फेब बर्न यांचं, सात पानी पत्र होतं. फेबबाई विधवा, शेत सांभाळणाऱ्या आणि वर्तमानपत्रं बारकाईने वाचणाऱ्या. त्यांनी लिहिलं होतं, की तू कोणत्या बाजूला आहेस ते पेपरात शोधतेय, अजून दिसलं नाही. एका सिनेटरचं विरोधातलं भाषण फार कडवट वाटलं, असंही कळवलं होतं. आणि सांगितलं होतं, मताधिकाराच्या बाजूने मत दे, लोकांना टांगून ठेवू नकोस, शहाण्या मुलासारखा वाग आणि मिसेस कॅट यांना मदत कर. कॅट या आडनावावर त्यांनी मांजर-उंदराची कोटीसुद्धा केली आहे. पत्र आईचं आहे हे त्यातल्या प्रत्येक ओळीतून कळतं.

हॅरीचं नाव पुकारलं गेलं आणि त्याने होकार दिला. टर्नर आधी गप्प राहिले होते, शेवटी त्यांनीही होकार दिला. ४९ विरुद्ध ४७. सज्ज्यांमधून पिवळ्या पाकळ्यांचा वर्षाव झाला. फेरविचार मागता यावा म्हणून सभापती वॉकर यांनी स्वतःचं मत होकारात बदललं. त्यामुळे होकार ५० झाले, म्हणजे ९९ जणांच्या सभागृहाचं निखळ बहुमत. विरोधकांनीच ते पुरवलं होतं.

दुसऱ्या दिवशी हॅरीवर लाच घेतल्याचे आरोप झाले. त्याने लेखी निवेदन दिलं, की स्त्रियांना मत हा त्यांचा हक्कच आहे असं मी मानतो, आणि आईचा सल्ला मुलाने ऐकावा यात सर्वांत कमी धोका असतो. ते पत्र आपलं नाही असं फेबबाईंनी म्हणावं म्हणून लुइझियानाच्या माजी गव्हर्नरांच्या पत्नी थेट नायोटाच्या घरी जाऊन बसल्या. फेबबाईंनी उलट तार करून सांगितलं, की पत्र माझंच आहे आणि त्यातल्या शब्दाशब्दावर मी ठाम आहे.

म्हणजे एका पत्रामुळे अमेरिकेतल्या बायकांना मत मिळालं?

नाही. हा प्रश्न मला सगळ्यांत जास्त वेळा विचारला जातो आणि दर वेळी जिवाला लागतो. पत्राने एक मत दिलं. उरलेली ४८ कुठून आली?

ती आली गावोगावच्या बायकांच्या वह्यांमधून. उन्हाळाभर कार्यकर्त्या मिळेल त्या वाहनाने काउंटी-काउंटीत हिंडल्या, आमदाराच्या घरी, शेतावर, दुकानात गेल्या आणि त्याच्याकडून लेखी आश्वासन घेतलं. नॅशव्हिलच्या कॅथरिन केनी, चॅटनूगाच्या अ‍ॅबी क्रॉफर्ड मिल्टन, नॉक्सव्हिलच्या लिझी क्रोझियर फ्रेंच यांना आपापल्या भागातला कोण आमदार कोणाचं ऐकतो हे माहीत होतं. एखादा डळमळला की त्याच्या बँकरला, पाद्र्याला, पक्षाच्या तालुक्याच्या अध्यक्षाला गाठायचं. हॅरी बर्नवर डोळा ठेवून असणाऱ्यांत साउथ कॅरोलिनाहून आलेल्या अनिता पॉलिट्झर होत्या. त्यांनी पूर्व टेनेसी पालथी घातली होती. सभागृहात गट सांभाळायचं काम मेम्फिसचे जोसेफ हॅनोव्हर यांनी अंगावर घेतलं. ते लहानपणी पोलंडमधून आलेल्या ज्यू कुटुंबातले. त्यांना इतक्या धमक्या आल्या की सोबतीला अंगरक्षक द्यावा लागला.

ठराव १८ ऑगस्टपर्यंत जिवंत राहिला, हॅरीच्या एका मताला किंमत आली, ती या मेहनतीमुळे. पत्राची गोष्ट गोड आहे म्हणून ती उरली आणि वह्या विस्मरणात गेल्या.

स्यू व्हाइट यांना तुरुंगात का टाकलं होतं?

हेंडरसन गावच्या स्यू शेल्टन व्हाइट कोर्टात लघुलेखनाचं काम करत. त्या नॅशनल विमेन्स पार्टी या जास्त आक्रमक गटात गेल्या. फेब्रुवारी १९१९ मध्ये व्हाइट हाउससमोर त्यांनी राष्ट्राध्यक्ष विल्सन यांच्या प्रतिमेचं दहन केलं आणि पाच दिवस कैद भोगली. डडली-मिल्टन यांच्या गटाला ही पद्धत मान्य नव्हती आणि दोन गटांत बरेच वाद झाले. १९२० च्या उन्हाळ्यात मात्र दोन्ही बाजूंनी याद्या वेगळ्या ठेवल्या, पण काम एकाच दिशेने केलं. व्हाइट पुढे वकील झाल्या आणि सामाजिक सुरक्षा कायद्याच्या कामातही त्यांचा हात होता.

१८ ऑगस्टलाच सगळं संपलं का?

नाही. फेरविचाराची मुदत चालू असताना विरोधी आमदारांचा मोठा गट रात्रीच्या गाडीने अलाबामातल्या डिकेटरला निघून गेला. सभागृहाची गणपूर्तीच होऊ नये, हा डाव. उरलेल्यांनी २१ ऑगस्टला फेरविचार फेटाळला. मग कोर्टाची मनाई आली, ती उठली आणि २४ तारखेला गव्हर्नर रॉबर्ट्स यांनी प्रमाणपत्रावर सही केली. कागद टपालाने वॉशिंग्टनला गेला. परराष्ट्रमंत्री बेनब्रिज कोल्बी यांनी २६ ऑगस्टला सकाळी आपल्या घरीच, कोणताही समारंभ न करता, सही केली. ज्या बायकांनी उभा जन्म घातला त्यांपैकी एकही तिथे हजर नव्हती. नोव्हेंबरच्या निवडणुकीत गव्हर्नर रॉबर्ट्स हरले. हॅरी बर्न मात्र पुन्हा निवडून आला.

कृष्णवर्णीय स्त्रियांचं काय झालं?

कृष्णवर्णीय बायका या लढ्यात नव्हत्या असं ज्यांना वाटतं, त्यांनी नॅशव्हिलच्या जुनो फ्रँकी पिअर्स यांचं नाव लक्षात ठेवावं. त्यांची आई गुलामगिरीत वाढली होती. पिअर्सबाईंनी नॅशव्हिलमध्ये कृष्णवर्णीय स्त्रियांच्या मंडळांचा संघ बांधला. डॉ. मॅटी कोलमन या राज्यातल्या सुरुवातीच्या कृष्णवर्णीय स्त्री डॉक्टरांपैकी एक. कॅथरिन केनी यांनी या दोघींशी हातमिळवणी केली आणि १९१९ च्या नगरपालिका निवडणुकीत नॅशव्हिलमधल्या सुमारे २,५०० कृष्णवर्णीय स्त्रियांनी मत दिलं. त्या काळच्या दक्षिणेत हे सोपं नव्हतं.

मे १९२० मध्ये मताधिकारवाद्यांच्या राज्य अधिवेशनात, कॅपिटॉलमध्येच, पिअर्सबाईंना बोलायला बोलावलं. कृष्णवर्णीय स्त्री मताचं काय करणार, हा प्रश्न त्यांनी स्वतःच विचारला आणि उत्तर दिलं, की आम्ही गोऱ्या स्त्रियांच्या बाजूने उभ्या राहू, आम्हाला हवा आहे तो फक्त सरळ व्यवहार. त्यांची ठोस मागणी होती कृष्णवर्णीय मुलींसाठी सरकारी शाळेची, कारण अडचणीत सापडलेल्या मुलींना तुरुंगात ठेवलं जाई. १९२१ मध्ये कायदा झाला, १९२३ मध्ये शाळा उघडली आणि १९३९ पर्यंत पिअर्सबाईंनी ती चालवली. मत मिळाल्यावर त्याचं काय करायचं हे त्यांना आधीपासून ठाऊक होतं.

पण सरळ व्यवहार मिळाला नाही. राज्यात मतदानासाठी डोईपट्टी होती, म्हणजे मत द्यायचं तर आधी माणशी कर भरावा लागे, ती राज्यघटनेतून जायला १९५३ उजाडलं. पश्चिम टेनेसीतल्या फेएट काउंटीत १९६० च्या सुमारास मतदार यादीत नाव नोंदवलं म्हणून कृष्णवर्णीय खंडकरी कुटुंबांना शेतमालकांनी जमिनीवरून हाकललं, आणि ती कुटुंबं हिवाळ्यात तंबू ठोकून राहिली. त्यात बायका होत्या, लेकरं होती. १९वी घटनादुरुस्ती होऊन तेव्हा ४० वर्षं झाली होती. १९६५ च्या मताधिकार कायद्यानंतर चित्र बदलू लागलं. म्हणून '१९२० मध्ये अमेरिकेतल्या सगळ्या बायकांना मत मिळालं' असं कुणी लिहिलं की मी दुरुस्त करते.

भारतीय बायकांना या हक्काचा फायदा झाला का?

मत नागरिकाला मिळतं, आणि १९२३ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालानंतर भारतातून आलेल्यांना अमेरिकी नागरिक होण्याचा रस्ताच बंद झाला. तो १९४६ च्या कायद्याने उघडला. आज इथल्या मतदान केंद्राच्या रांगेत उभ्या राहणाऱ्या मराठी बायका त्या उघडलेल्या दारातून आल्या आहेत. मीही त्यातलीच.

आणि तिकडे? १९२१ मध्ये मुंबई कायदे कौन्सिलने स्त्री म्हणून असलेली आडकाठी काढली, म्हणजे टेनेसीच्या जेमतेम वर्षभराने. रमाबाई रानडे यांनी त्या मागणीसाठी काम केलं. मालमत्तेची अट मात्र होती, त्यामुळे बहुसंख्य बायकांना स्वातंत्र्यानंतरची पहिली निवडणूक येईपर्यंत थांबावं लागलं.

मत मिळाल्यावर बायका निवडूनही आल्या का?

लगेच. १९२१ मध्ये अ‍ॅना ली वर्ली राज्याच्या सिनेटवर गेल्या, त्यांच्या दिवंगत पतीच्या जागेवर. हे पतिराज स्त्रीमताधिकाराचे विरोधक होते. पुढच्या वर्षी मॅरियन ग्रिफिन प्रतिनिधीगृहावर निवडून आल्या. राज्यातल्या त्या पहिल्या स्त्री वकील.

हे सगळं पाहायचं असेल तर कुठे जावं?

कॅपिटॉल पाहता येतं आणि हर्मिटेज हॉटेल तिथून चालत जाण्याइतकं जवळ आहे. सेंटेनियल पार्कमध्ये अ‍ॅलन लक्वायर यांनी घडवलेलं स्मारक २०१६ पासून आहे: डडली, मिल्टन, पिअर्स, व्हाइट आणि कॅट, पाचही जणी एका रांगेत चालताना. मिल्टनबाई ११० वर्षं जगल्या, १९९१ पर्यंत.

नॉक्सव्हिलला मार्केट स्क्वेअरमध्ये लिझी क्रोझियर फ्रेंच, एलिझाबेथ मेरिवेदर आणि डडली यांचं शिल्प आहे, आणि तिथून जवळच हॅरी आणि फेब या मायलेकांचं. फेबबाईंचं पत्रही नॉक्सव्हिलच्याच सार्वजनिक ग्रंथालयाच्या इतिहास संग्रहात जपून ठेवलं आहे. लहान मुलं बरोबर असतील तर पार्कमधून सुरुवात करा, तिथे सावली आहे.